पंगतीपुरतं बस

डोकं फिरलं म्हणून चार वर्षं माझा भाऊ वागियो गोठ्यामागे होता, दोन्ही पाय लाकडी खोड्यात. लाकूड माझ्याच नवऱ्याने तासलं होतं, खोटं कशाला बोलू. मग आरोग्य केंद्राची नर्सबाई आली, तिने रोज एक गोळी सुरू केली, आणि तीन महिन्यांत वागियो आपलं ताट आपण धुवायला लागला. खोडा निघाला.

गावप्रमुख सास्त्रोकाका म्हणाले, स्लामतानची, म्हणजे दुआ मागून गावजेवणाची, पंगत घाला. चार बाप्यांच्या मांडीला मांडी लावून प्रार्थना संपेपर्यंत बसला, तर तो माणसांत आला. उठला, तर खोडा अजून शाबूत आहे.

मला धडकीच भरली. एका गोळीने एवढा निवला, तर तीन गोळ्यांनी दगडासारखा बसेल, असं मी धरून चालले. कुणाला विचारलं नाही. आगाऊपणा, दुसरं काय! पंगतीआधी चार दिवस तीन-तीन दिल्या.

दुसऱ्याच दिवशी तो अंगणात येरझारा घालायला लागला. म्हणाला, "ताई, गोळ्या कमी कर गं. पाय माझं ऐकत नाहीत."

मी खेकसले, "नाटकं नकोत. पंगतीपुरतं बस, मग हवं तेवढं हिंड."

पंगतीला पिवळ्या भाताची रास मध्ये ठेवली, बाप्ये चटईवर बसले. मी चुलीपासून बघत होते. वागियोने मांडी घातली, मोडली, परत घातली. गुडघे हातांनी दाबून धरले, घामाने सदरा भिजला. मौलवींनी दुआला हात पसरले आणि हा उठला. कुणाला शिवला नाही, शिवी दिली नाही. नुसता चटईच्या कडेने चालत राहिला, माफ करा, माफ करा म्हणत.

भात वाटायच्या आधी त्याला खोड्यात घातलं. माझ्या नवऱ्याने खुंटी ठोकली, हात धुतले, मग सगळे जेवले. मीच वाढलं.

गुरुवारी नर्सबाई आली. खोडा पाहून तिचा चेहरा उतरला. त्याच्या पायांकडे बघत म्हणाली, "कधीकधी औषधानेच असं होतं. गोळ्या किती देत होतीस?"

मागे सास्त्रोकाका, नवरा, शेजारणी उभ्या. वागियोने मान वर करून माझ्याकडे पाहिलं.

"एकच," मी म्हटलं.

"मग आजारच उलटला म्हणायचा," ती म्हणाली, आणि कागदावर रोज दोन गोळ्या लिहिल्या.

खोड्याच्या भोकांतून बाहेर आलेली वागियोची पावलं तेवढी चालत होती.