दिमासचे सदुसष्ट

तेर्योनं नूडल्सची जाळी उकळत्या रश्श्यात बुडवली, वर काढून दोनदा झटकली आणि वाडगा भरता भरता म्हणाला,

"मग कोच मला कोपऱ्यात घेऊन सांगतो, तेर्यो, आज दार उघडं ठेव. मी म्हटलं, कोच, नुसतं दार कशाला, बिजागऱ्यासुद्धा काढून ठेवतो!"

बाकावरचे चारही तीनचाकीवाले हसले. त्यांतल्या तिघांनी ही गोष्ट निदान वीस वेळा ऐकली असेल. ला पाझच्या बाजारात तेर्यो माग्बानुआच्या खानावळीत बाचोय, म्हणजे त्या रश्श्यातल्या नूडल्स, खायला बसलं, की वाडग्यावर भुरभुरवलेल्या डुकराच्या कुरकुरीत चामडीबरोबर ही गोष्ट फुकट मिळायची.

"म्हणजे बास्केटबॉलच्या त्या सामन्यातले दिमास पालोमारचे सदुसष्ट गुण..." चौथा, नवखा, म्हणाला.

"दिमासचे कसले? माझे! मी दिले, त्यानं घेतले." तेर्योनं डोळा मिचकावला.

कोपऱ्यातल्या टेबलाशी एक बाई एकटीच बसली होती. तिनं वाडग्याला हात लावला नव्हता. गिऱ्हाइकं पांगली तशी ती उठून चुलीपाशी आली.

"तेर्योकाका, मी लुर्देस. दिमास पालोमारची थोरली."

चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते खोटं नाही. तेर्योनं उगाचच झाकण उचलून रस्सा ढवळायला घेतला.

"तुमची गोष्ट ऐकली," ती म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, म्हणून तर त्याला जास्तच मेल्याहून मेल्यासारखं झालं. "शनिवारी आमच्या गिंबालच्या मैदानाला बाबांचं नाव देतायत. भिंतीवर त्यांचं चित्र काढून झालंय. खाली सदुसष्टचा आकडा घालायचाय, तर बाबा घालू देत नाहीत."

"का बरं?"

"गेल्या वर्षी रेडिओवर कुणीतरी सांगितलं की ते गुण दान होते. त्याच्यापर्यंत ही बातमी कुठून गेली, ते मी विचारत नाही." तिनं बाकाकडे एकदा पाहिलं. "तेव्हापासून त्यांना धड झोप नाही. एकावन्न गुणांचा सामना, चोपन्न गुणांचा सामना, अंगात ताप असताना केलेले अठ्ठावन्न, एकेक काढतात आणि मला विचारतात, तो तरी माझा होता ना गं? मी काय सांगणार? मी तेव्हा पाळण्यात. त्यांचं एकच म्हणणं आहे. तेर्योला विचारा. तो सांगेल तसं करू."

"येतो," तेर्यो म्हणाला.

ती गेल्यावर त्याची बायको पाझ मागच्या मोरीतून हात पुसत बाहेर आली. तिनं सगळं ऐकलं होतं. या घरात मोरीतून सगळं ऐकू येई.

"छत्तीस वर्षं मी गप्प बसले," ती म्हणाली. "लोक हसतात, हसू देत. पण सामन्यानंतर तुझ्या छातीला तेल कुणी चोळलं होतं? मी. वाट सोडणाऱ्याच्या बरगड्या अशा काळ्यानिळ्या होत नसतात, तेर्यो."

तेर्योनं चूल बंद केली, दुपारचे दोनही वाजले नव्हते तरी.

पाझचं खोटं नव्हतं. त्या वर्षीच्या हंगामातला तो शेवटचा सामना, एक साबण बनवणारी आणि एक बोटी चालवणारी अशा दोन कंपन्यांच्या संघांमधला. लुझविंदा साबणवाले पुढच्या फेरीत पोचलेले, तेर्योचे पनाय बोटवाले बाहेर फेकले गेलेले, म्हणजे निकालाची फिकीर दोघांनाही नव्हती. फक्त साबणवाल्यांच्या दिमासला हंगामात सर्वाधिक गुणांचा मान हवा होता आणि त्यासाठी चौसष्ट गुण कमी पडत होते. असा फॉरवर्ड देशानं त्याआधी पाहिला नव्हता आणि पुढेही फारसा पाहिला नाही. पण चौसष्ट म्हणजे चौसष्ट. साबणवाल्यांचा कोच हा बोटवाल्यांच्या कोचच्या मुलाचा धर्मपिता. बाप्तिस्म्याच्या वेळी ज्यानं आपलं मूल हातात धरलं, त्याचा शब्द खाली पडू द्यायचा नसतो. त्यानं शब्द टाकला, कोचनं तो झेलला आणि कपडे बदलायच्या खोलीत तेर्योच्या हातात ठेवला.

तेर्योनं मान डोलावली. पंचविशीतल्या पोरानं दुसरं काय करायचं? पण चेंडू खेळात आला, दिमासनं त्याच्या डोक्यावरून पहिले दोन गुण घेतले आणि परत जाताना त्याच्याकडे पाहिलंदेखील नाही. वाटेतल्या खांबाकडे पाहावं तेवढंसुद्धा नाही. तेर्योचं टाळकं सरकलं. कोच, धर्मपिता, बाप्तिस्मा गेला खड्ड्यात, असं म्हणून तो जो भिडला तो शेवटच्या शिट्टीपर्यंत. पायावर पाय दिले, कोपरं मारली, पंचांची नजर चुकवून चड्डी धरून ठेवली. दिमासनंही छातीत खांदा घालून घालून वाट काढली. डावीकडून, उजवीकडून, पाठ करून, पडता पडता. सदुसष्ट.

आणि मग कोचनं तेर्योला मिठी मारली. "शाबास रे पठ्ठ्या! इतकी बेमालूम वाट दिलीस, कुणाला संशयसुद्धा आला नाही."

खरं सांगायला तेर्योनं तोंड उघडलं होतं. पण आपण जिवाच्या आकांतानं अडवला आणि तरी त्यानं सदुसष्ट घातले, हे सांगण्यापेक्षा सांगितल्या शब्दाला जागलो, हे बरं दिसत होतं. त्यानं तोंड मिटलं. पुढं तीनेक वर्षांत खेळ सुटला, खानावळ उघडली, आणि कुणीतरी विचारलं, तूच ना रे तो, ज्याच्यावर सदुसष्ट झाले? त्या दिवशी बिजागऱ्यांचा विनोद पहिल्यांदा सुचला.

शनिवारी तीनच्या सुमारास तो आणि पाझ गिंबालला पोचले. भाड्याच्या जीपनीत पाझ सबंध वाट खिडकीबाहेर पाहत होती. उतरताना एवढंच म्हणाली, "आधी त्याला सांग. मग खा-पी काय ते."

दिमास ओसरीवर वेताच्या खुर्चीत बसला होता. एकोणसत्तरचं वय, एवढा मोठा सांगाडा आणि त्यावर इस्त्रीचा पांढरा सदरा. गुडघ्यांवर दोन्ही हात पालथे. ते हात अजूनही परातीएवढे होते. लुर्देसनं समोर खुर्ची ठेवली, पाझला आत नेलं आणि दार लोटून घेतलं.

"म्हातारा झालास, तेर्यो."

"तुमच्या मागोमागच येतोय, मानोंग," थोरल्या भावाला म्हणावं तसं तेर्यो म्हणाला. "तेव्हाही मागेच असायचो."

दिमास हसला नाही. "मला फिरवून बोलता येत नाही. तेव्हा मी कोचला काही विचारलं नव्हतं. शपथेवर सांगतो, मला ठाऊक नव्हतं. मला वाटलं, आज हात चाललाय. देवाची कृपा आहे." त्यानं हात उलटे करून तळव्यांकडे पाहिलं. "तू मला सोडलंस का?"

आता सांगायचं होतं. नाही, एवढा एकच शब्द. पण इतकी वर्षं जी जीभ एका वळणावर गेली, ती त्याच वळणावर गेली.

"अहो मानोंग, झाली की त्याला एवढी वर्षं! तुम्ही घेतले, मी दिले, हिशेब मिटला," तेर्यो म्हणाला, आणि काय होतंय ते कळायच्या आत त्याचा डोळा मिचकावला गेला.

दिमास त्याच्याकडे पाहत राहिला. मग त्यानं हात पुन्हा गुडघ्यांवर पालथे ठेवले.

"तसं नाही, मानोंग, मी म्हणत होतो की..."

पण तेवढ्यात फाटक वाजलं. वस्तीचा कप्तान, म्हणजे तिथला सरपंचच, त्याच्यामागे हार घेतलेल्या दोन बाया, त्यांच्यामागे पांढऱ्या रंगाचा डबा घेऊन भिंत रंगवणारा, अशी वरातच ओसरीवर चढली. "चला चला, फादर येऊन बसलेत!" कप्तान ओरडला. दिमासला दोघांनी बगलेत धरून उठवलं. तेर्यो मागून चालत राहिला. स्वतःच्या जिभेला त्यानं मनातल्या मनात जेवढ्या शिव्या हासडल्या, तेवढ्या आयुष्यात कुणाला दिल्या नव्हत्या.

मैदान पत्र्याखाली होतं आणि सगळी वस्ती तिथं जमली होती. भिंतीवर तिशीतला दिमास उडी घेत होता. त्याच्या बुटांखाली हातभर जागा कोरी होती. फादरनी पाणी शिंपडलं, कप्ताननं भाषण केलं, आणि मग ध्वनिक्षेपक हातात घेऊन तो खुशीत आला.

"आणि आज आपल्यात कोण आलंय? ज्याच्याशिवाय हे सदुसष्ट झालेच नसते! दार उघडं ठेवणारा, बिजागऱ्या काढणारा, ला पाझचा तेर्यो माग्बानुआ!"

हशा उसळला. म्हणजे विनोद इथवर आधीच पोचला होता. तेर्योनं पुढे होऊन ध्वनिक्षेपक घेतला. समोरच्या रांगेत दिमास बसला होता, आणि त्याच्यामागे पाझ उभी होती.

"मी वाट सोडली नव्हती," तो म्हणाला.

कुणीतरी फिस्सकन हसलं.

"कोचनं सांगितलं होतं, हे खरं. पण मी ऐकलं नाही. मी अडवला त्याला. माझ्यात होतं नव्हतं तेवढं लावून अडवला."

"तरी सदुसष्ट?" मागून एकजण ओरडला आणि पत्र्याखाली हसण्याचा गडगडाट झाला.

"हो, तरी सदुसष्ट!" तेर्योचा आवाज चढला. "पाय तुडवले मी त्याचे. कोपरं मारली. चड्डी धरून लटकलो होतो, चड्डी!"

बाया तोंडाला पदरासारखे रुमाल लावून हसू लागल्या. कप्तान पोट धरून खाली बसला. तेर्यो थांबला असता तर कदाचित बरं झालं असतं, पण तो पेटला होता. बरगड्यांचं सांगितलं, तेलाचं सांगितलं, पाझकडे बोट दाखवून म्हणाला, विचारा हिला. पाझनं मोठ्यानं सांगितलं, "खरं आहे! आठ दिवस झोपला नव्हता!" तेव्हा तर फादरसुद्धा चष्मा काढून डोळे पुसायला लागले. इतका विनोदी माणूस गिंबालमध्ये बऱ्याच वर्षांत आला नव्हता. एकेक पुरावा तो पुढे करत होता आणि लोक त्याला टाळ्या देत होते.

"देवाशपथ सांगतो," तो शेवटी म्हणाला. आता त्याच्या डोळ्यांत पाणी होतं. "या माणसानं मला चोळामोळा केला. मी काही दिलं नाही. त्यानं घेतलं."

टाळ्या थांबेनात. कप्ताननं त्याच्या हातातून ध्वनिक्षेपक काढून घेतला.

दिमास हसत नव्हता. तो तेर्योकडे पाहत होता, टक लावून, मघाशी ओसरीवर पाहत होता तसं. तेर्यो त्याच्यासमोर येऊन गुडघ्यांवर बसला, म्हाताऱ्याचं तोंड आपल्या तोंडाशी यावं म्हणून.

"मानोंग, ऐकलंत ना?"

"ऐकलं."

दिमासनं आपला तो मोठा हात त्याच्या मानेवर ठेवला आणि त्याला जवळ ओढलं. त्याचा चेहरा एकदम निवळला होता, खूप दिवसांनी काहीतरी ठरल्यासारखा.

"चांगला आहेस रे तू, तेर्यो. चारचौघांत माझी लाज राखलीस. स्वतःचं हसं करून घेतलंस माझ्यासाठी. हे मी विसरणार नाही."

"नाही हो, मानोंग, खरंच..."

"पुरे आता. मला कळलं," दिमास मायेनं म्हणाला. मग मान वळवून त्यानं लुर्देसला हाक मारली. "त्या रंगाऱ्याला म्हणावं, डबा बंद कर. आकडा नकोय."