पोस्टरवरची मावशी

माहितीपट काढणाऱ्या त्या गृहस्थांच्या घरात माणूस सोडून सगळं होतं. पूर, दरडी, वणवे, विषारी चिखल, सगळं चित्रफितींवर, कपाटात तारीखवार लावलेलं. कपाट जरा जोरात उघडलं, की खालच्या मजल्यावरचे शेजारी म्हणे छत्री उघडून बसत. बायको केव्हाच वेगळी राहायला गेली होती. मुलगी फोन करायची, पण हे सदा कुठल्या तरी संकटात, तेही दुसऱ्यांच्या.

सात वर्षांपूर्वी खाणीच्या गाळाचा बांध फुटून एक वस्ती चिखलाखाली गेली. त्यावरचा त्यांचा माहितीपट फार गाजला. पोस्टरवर एक रडणारी बाई होती. आता पुढचा भाग काढायला ते तिच्या नव्या घरी आले.

मावशी शिवणयंत्रापुढे बसल्या होत्या. यंत्रावर धूळ नव्हती, पण कापडही नव्हतं. गृहस्थांनी सवयीने कॅमेरा लावला, पडदा अर्धा ओढला आणि त्या दिवसाचं पुन्हा सांगायला सांगितलं.

"रडू कधी? आधी की नंतर?" मावशींनी विचारलं. "गेल्या वेळी दोनदा रडवलंत. पहिल्यांदा मध्येच हेलिकॉप्टर आलं होतं."

गृहस्थ ओशाळले. मग मावशींनी शांतपणे सगळं सांगितलं. पूर्वी लोक त्यांच्याकडे लग्नाचे कपडे शिवायला नवं कापड आणायचे. पोस्टर लागल्यापासून जुने कपडे आणतात, दान म्हणून. कोपऱ्यातला ढीग छताला टेकला होता. त्यात सर्कशीतल्या विदूषकाची विजारसुद्धा होती. रडक्या बाईच्या हातचा लग्नाचा पोशाख कोण घालणार?

"चिखलातून यंत्र काढलं, पहिला टाका पडला, तेव्हा मी हसले होते. ते तुम्ही टिपलंत. गेलं कुठं?"

"कापलं. लोकांना वाटलं असतं, यांचं बरं चाललंय."

"वाटू द्यायचं होतं. चिखलानं माझं घर नेलं, बाबा. गिऱ्हाईक तुम्ही नेलंत."

इतक्या वर्षांत कुणी त्यांना असं तोंडावर सुनावलं नव्हतं! त्यांनी कॅमेरा बंद केला. तो हसरा तुकडा परत जोडायचं आणि पोस्टर बदलायचं कबूल केलं. मग चाचरत म्हणाले, "मला एक शर्ट शिवून द्याल?"

मावशींनी टेप काढली. "सरळ उभे राहा. श्वास सोडा."

खांद्यांवर त्यांचा हात टेकला आणि गृहस्थ श्वास सोडायचा विसरले. कुणी असा हात ठेवून किती वर्षं झाली, ते त्यांना आठवेना. मावशींनी छातीचं माप जरा सावकाश घेतलं.

"मंगळवारी या, घालून बघायला. उशीर करू नका, मी वाट बघेन."

मंगळवारी ते वेळेआधी तासभर पोचले. कॅमेऱ्याशिवाय प्रवास करायची ती त्यांची पहिलीच खेप.

वाचकहो, संकटात सापडलेल्या माणसासाठी जरूर धावा. पण त्याला जन्मभर त्याच दिवशी उभं करून ठेवू नका. तो बिचारा होण्याआधी कुणीतरी होता. तुमची दया त्याला द्याल तेव्हा द्या, आधी त्याचं काम त्याला परत द्या.