तिसऱ्या बेसचा माणूस

"खिशात हात घालून उभा राहा. दुसरं काही नको मला तुझ्याकडून," तांक्रेदो म्हणाला. तो बेसबॉल संघाचा मॅनेजर. "आज मालक आलेत. परत बॉलच्या वाटेत गेलास, तर पुढच्या मोसमाला मी तुला वाचवू शकणार नाही."

नेरेओने मान डोलावली, आणि डोलावता डोलावता दोन उठाबशाही काढल्या. एक्कावन्न वर्षांच्या या माणसाला निवांत उभं राहणं म्हणून ठाऊकच नव्हतं. सकाळी कच्च्या केळ्यांचा मांगू त्याने स्वयंपाकघरात फेऱ्या मारत खाल्ला होता. ओफेलिया वैतागली, "अरे, खुर्ची काय चावते का तुला?" लग्नाला सव्वीस वर्षं झाली, तरी बायकोला याचं उत्तर मिळालेलं नव्हतं.

अठरा वर्षं तो तिसऱ्या बेसवर खेळला. उत्तरेला, अमेरिकेतल्या मोठ्या लीगमध्ये, वाट्याला आले ते अकरा दिवस. उमेदीची बाकी वर्षं लहानसहान गावांच्या बसमध्ये गेली. मग गुडघा गेला आणि आपल्या गावी, सान पेद्रोला परतून तो कोच झाला. त्याच तिसऱ्या बेसजवळ, पण रेषेबाहेर उभं राहायचं आणि धावणाऱ्यांना पळ किंवा थांब असा हात करायचा, एवढंच काम. पुढ्यात ताट वाढलेलं आणि हात बांधलेले, अशी ती शिक्षा. याच मोसमात तो दोनदा बॉलवर झेपावला होता. दोन्ही वेळा बॉल रेषेबाहेरचा, म्हणून निभावलं. पण तेवढीही जागा सुटली, तर घरात आपण भिंतींना धडका देऊ, हे त्याला पक्कं माहीत होतं.

शेवटच्या डावात एक धाव कमी पडत होती. दोन गडी बाद, तिसरा गेला की खेळ खलास; दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसवर आपली पोरं. नेरेओने हात खिशात कोंबले.

फटका बसला. बॉल रेषेच्या कडेकडेने येऊन थेट तिसऱ्या बेसवरून उसळला. समोरच्यांचा खेळाडू आडवा पडला, पण त्याला तो गवसला नाही. बेसवरून गेलेला बॉल मग बाहेर वळला तरी खेळातच असतो, हे सान पेद्रोतलं शेंबडं पोरही सांगेल. धाव जिथं पुरी होते, त्या घरच्या बेसकडे दोन्ही पोरं सुटली. सामना जवळजवळ जिंकलाच होता.

बॉल वळून नेरेओकडे आला.

त्याने विचार केला, असं कोणी म्हणू नये. खिशातले हात कधी निघाले, गुडघे कधी वाकले, त्यालाही कळलं नाही. बॉल हातात बसला आणि आख्खं मैदान ओलांडून पहिल्या बेसकडे सणसणत गेला, फटका मारणारा तिथं पोचायच्या आत त्याला बाद करायला अठरा वर्षं जायचा तसाच. तिथे उभ्या असलेल्या समोरच्या खेळाडूनेही काही न सुचून तो झेलला. त्या एका क्षणात नेरेओ इतका सुखावला, की तसं सुख त्याला कित्येक वर्षांत मिळालं नव्हतं.

तेवढ्यात पंचाने दोन्ही हात वर केले. कोचने बॉल अडवला, धावणारा बाद, सामना संपला. प्रेक्षकांतल्या ढोलवाल्यांनी काठ्या खाली ठेवल्या.

कपडे बदलायच्या खोलीत कोणी शिवी दिली नाही, तेच जास्त लागलं. पोरं मान खाली घालून एकेक करत निघून गेली. मालकांना भेटून तांक्रेदो आला आणि बाकावर टेकला. तरुणपणी वर्षानुवर्षं तो मैदानात नेरेओच्या शेजारची जागा सांभाळायचा.

"बोललो त्यांच्याशी, म्हाताऱ्या. नाही ऐकलं."

"मी तरी कुठं ऐकलं असतं?" नेरेओने टोपी काढून त्याच्या हातात दिली. पोरांचा हातचा विजय घालवल्याची त्याला फार लाज वाटत होती. तरी आत एक गोष्ट वळवळत होती, आणि ती विचारल्याशिवाय राहवेना.

"एक सांग. ज्यानं मारला, तो पोचला होता का रे पहिल्या बेसला?"

तांक्रेदोने हातातली टोपी उलटीसुलटी फिरवली.

"दोन पावलं कमी पडली त्याला," तो म्हणाला. "आउट होता. साफ आउट."

नेरेओने हळूच मान हलवली आणि बुटांच्या नाड्या सोडायला घेतल्या.