खाट हलेपर्यंतचं गाणं

मी एक जुनी पेटी आहे. केळीची नाही, मतांचीही नाही, बाजाची. अंग सागवानी, सूर पितळी. भाता मात्र इतक्यांदा बदलला की श्वास आपला वाटत नाही. हल्ली दोन गाणी झाली की धाप लागते.

मित्रांनो, धुळ्याच्या लीलाधरनानांनी मला कॉलेजात असताना घरी आणलं. पुढे नोकरी पाटबंधारे खात्यात, संसार इंदिराबाईंशी आणि संगीत नाटकांना, अशी त्यांनी आयुष्याची वाटणी केली. नाटकाचं संगीत म्हणजे नायक रडला की मी रडायचं. तो रडायला विसरला तरी मी रडायचं. इतक्या वर्षांत पेपरात आमच्याबद्दल एकच वाक्य येत राहिलं : ‘संगीत पूरक होते.’ भाजीतल्या हिंगाबद्दलसुद्धा लोक याहून जास्त बोलतात. नाटक नसलं की मी कोपऱ्यात, डोक्यावर लोणच्याची बरणी.

यंदा नाना म्हणाले, हे शेवटचं नाटक. एक तरी गाणं लोकांच्या कानांवर अख्खं पडावं, एवढीच त्यांची इच्छा. नाटकात नायिकेचा नवरा कामाला सुरतेला गेलेला, आणि ती गाते : ‘सुरतनी गाडी उनी, तू उना नही.’ गाडी आली, तू नाही आलास. पहिली तालीम नानांच्या घरी झाली; नायिका झालेल्या हेमलतानं ते म्हटलं, तेव्हा इंदिराबाई चहा घेऊन दारातच थांबल्या. चहा गार झाला, कुणी तक्रार केली नाही.

दिग्दर्शक हितेंद्र म्हणाला, “नाना, गाणं झकास. फक्त लांबतंय.”

एक कडवं गेलं. मग दुसरं. मग शब्दच गेले.

“धून ठेवू ना नाना! अंधारात खाट आत नेतात, तेव्हा वाजवू.”

“म्हणजे खाटेसाठी?”

“तसं नाही हो. ओढताना ती फार करकरते.”

“माझ्यापेक्षा खाटेचं नशीब बरं,” हेमलता म्हणाली.

नाना घरी येऊन माझ्या पट्ट्या पुसत बसले. इंदिराबाईंना राहवलं नाही. “मंग जाऊच नका तुम्ही. खाटलेच गाऊ द्या!”

पण नाना गेले. थकलेला माणूस सवयीनंच तयार होतो.

प्रयोग जळगावला होता, दुपारचा. अंधार झाला, नानांनी धून सुरू केली. खाट उचलायला जीवराम धावला. हा आमचा पडद्यामागचा माणूस. खाट हलेना. तिचा पाय रंगमंचाच्या दोन फळ्यांमध्ये रुतला होता.

“नाना, खाट अटकनी!” जीवराम कुजबुजला. “वाजाडत ऱ्हा!”

धून संपली. थांबावं तर करकर ऐकू जाणार. नाना पुढे सरकले, कडव्यावर आले. आणि विंगेतल्या अंधारातून हेमलतानं शब्द उचलले. पहिलं कडवं झालं, दुसरंही झालं. समोरचं खोकणं बंद पडलं. मागच्या रांगेत कुणीतरी नाक ओढलं. माझा भाता फाटायला आला होता, पण मी दम सोडला नाही. शेवटची ओळ संपली आणि खाट निघाली.

अंधारातच टाळ्या पडल्या.

“नाना, अंधार काय जमला!” हितेंद्र नंतर म्हणाला.

नाना रुमालानं मान पुसत नुसते हसले. हेमलतानं हळूच विचारलं, “पुढचा प्रयोग पाचोऱ्याला. तिथे खाट नाही अटकली तर?”

“अटकी,” जीवराम खात्रीनं म्हणाला, आणि सतरंजी गुंडाळू लागला.

मित्रांनो, घरात एखादं वाद्य असेल तर त्याला फडक्यानं पुसत जा, उंदरांपासून जपा, वरची बरणी उतरवा. आणि नाटकात अंधार झाला की लगेच मोबाइल उघडू नका. आम्हाला तेवढाच वेळ मिळतो.