खेळ डावीकडेच उघडला पाहिजे

टॉवरबाईला सगळे टॉवरबाई म्हणत, ते काही ती उंच होती म्हणून नव्हे. उंची जेमतेम पाच फूट, तीही टाचा उचलल्यावर. पण सव्वीस वर्षं तिने बांधकामावरच्या टॉवर क्रेनच्या केबिनमध्ये काढली होती. जमिनीपासून साठ मीटर वर, एकटीने. वर कुणी शहाणपणा शिकवायला येत नाही, ही त्या नोकरीतली तिला सगळ्यात आवडलेली गोष्ट. अशा बाईशी एका कॉम्प्युटर गेमने पंगा घ्यावा, म्हणजे गेमची पण कमालच म्हणायची.

झालं होतं असं की साडेतीन महिन्यांपूर्वी तिला अर्धांगाचा झटका आला. हातपाय हळूहळू ताळ्यावर आले, जीभ तर दुसऱ्याच दिवशी आली आणि नर्सला भोवली. पण डावी बाजू गेली. म्हणजे डोळे ठणठणीत होते, मेंदूच डाव्या बाजूची हजेरी घेईना. ताटातलं उजवीकडचं जेवून ही वर भांडायची, मला एवढंसंच का वाढलं म्हणून. डावा खांदा दाराच्या चौकटीवर आपटला की चौकटीलाच शिव्या. आणि एक दिवस मुलगा भेटायला आला तर गॅसची डावी शेगडी सकाळपासून पेटलेली, वर भांडं नाही, आणि ही शेजारी उभी राहून उजव्या शेगडीवर चहा करत होती.

तेव्हापासून मुलाने घोशा लावला, की माझ्याकडे चल. त्याचं घर दुसऱ्या गावात, मागच्या बाजूला एक खोली रिकामी. मुलगा वाईट नव्हता. वाईट असता तर बरं झालं असतं, दोन खणखणीत शब्द ऐकवून ती मोकळी झाली असती. पण तो काळजीने अर्धा झाला होता आणि काळजीने अर्ध्या झालेल्या माणसाशी भांडायचं कसं, हे तिला कुणी शिकवलं नव्हतं.

शेवटी तोडगा काढला तो दवाखान्यातल्या थेरपीवालीने. वयाने लहान, आवाज बारीक, पण बाई खमकी. तिने सांगितलं, सहा आठवडे व्यायाम करा, सहाव्या शुक्रवारी मी घरी येऊन परीक्षा घेईन, एकटं राहता येईल की नाही ते मी सांगेन. दोघांनीही मान्य केलं. टॉवरबाई म्हणाली, हरले तर गुपचूप गाडीत बसेन. आणि बोललेला शब्द फिरवणारी ती नव्हतीच. म्हणूनच तिला धास्ती होती.

व्यायाम म्हणजे काय, तर गेम. टेबलावर दोन मॉनिटर, एक डावीकडे, एक उजवीकडे. गेम मालधक्क्याचा: दोन्ही बाजूंनी वॅगन येतात, प्रत्येकीतली एक पेटी क्रेनच्या हुकाने उचलायची आणि फलाटावर ठेवायची. चाळीस वॅगन झाल्या की डाव संपतो. गेम टॉवरबाईनेच निवडला होता आणि पहिल्याच दिवशी त्याला नावं ठेवली होती. यात वाराच नाही, म्हणाली, माल हलत नाही की डुलत नाही, ही कसली क्रेन, हा तर खुळखुळा झाला. पण थेरपीवालीची अट एकच आणि पक्की होती. गेम डाव्या मॉनिटरवरच उघडायचा. उजवा कोरा. उजवीकडे वस्तू ठेवून लोक तुमचे लाड करतील, ती म्हणाली, घर तसे लाड करणार नाही.

पाच आठवडे टॉवरबाईने घाम गाळला. डावीकडे बघायचं म्हणजे मानेला ओढून न्यायचं, आणि मान नेली की लक्ष सुटून परत उजवीकडे यायचं. पहिल्या दिवशी चाळिसातल्या नऊ पेट्या उचलल्या. पाचव्या आठवड्याअखेर सव्वीस. सकाळ-संध्याकाळ तासतासभर, डोळ्यात तेल घालून.

आणि शेवटच्या आठवड्यातल्या सोमवारी एकदम एकोणचाळीस!

ती हरखली. शेजारणीला फोन लावायला निघाली होती. पण फोन हातात घेतला आणि तिथेच थांबली. सव्वीस वर्षांचा धंदा उगाच नव्हता केलेला. तीन टनांचा माल उचलायचा आणि हातातला दांडा हलका आला, तर क्रेनवाला खुश होत नाही, तो आधी काम थांबवतो. कारण मग हुकाला माल लागलेलाच नसतो. तिने गेम बंद करून परत उघडला, हात पुढे करून स्क्रीनला बोट लावून बघितलं, आणि हात गेला तो उजवीकडे. गेम उजव्या मॉनिटरवर उघडत होता. मेल्याने एकोणचाळीस फुकट वाटले होते.

दहा वेळा बंद करून दहा वेळा उघडला. दहाही वेळा उजवीकडेच. कॉम्प्युटर बंद करून चालू केला. तेच. परीक्षेला चार दिवस, आणि गेम फितूर झालेला.

मंगळवारी सकाळी तिने कॉम्प्युटरवाल्याला फोन केला, ज्याच्याकडून हे सगळं घेतलं होतं त्याला. तो भला माणूस होता, काकू काकू करत सगळं समजावून सांगायचा. म्हणाला, सोपं आहे. डिस्प्लेची सेटिंग उघडा, तिथे शेजारी शेजारी दोन चौकोन दिसतील, एकावर एकचा आकडा, दुसऱ्यावर दोनचा. एक नंबर म्हणजे तुमचा डावा. त्यावर क्लिक करा आणि खाली मुख्य स्क्रीन लिहिलंय तिथे टिक करा. गेम मुख्य स्क्रीनवर उघडतो, बाकी काही नाही.

टॉवरबाईने सेटिंग उघडली. चौकोन एकच होता. त्यावर दोनचा आकडा.

ती म्हणाली, एकच आहे. तो म्हणाला, दोन असणार. ती म्हणाली, मला दोनपर्यंत मोजता येतं. त्याने वायर बघायला लावली. तिने हाताने चाचपत वायर शेवटापर्यंत तपासली, घट्ट होती. तो म्हणाला, मग दोन चौकोन असलेच पाहिजेत, काकू, जरा नीट बघा. इथे तिचं डोकं सटकलं. नीट बघा हे वाक्य साडेतीन महिन्यांत तिने इतक्यांदा ऐकलं होतं की आता ते कानावर पडलं की कानशिलं तापायची. तुझा मालच खोटा आहे, असं सांगून तिने फोन आपटला.

मग एकटीच त्या चौकोनाकडे बघत बसली. दोन नंबर. आणि जरा वेळाने तिच्या मनात आलं की साइटवर दोन नंबरची क्रेन आहे म्हटल्यावर एक नंबरची कुठेतरी उभी असतेच. दोनपासून मोजायला सुरुवात कोण करतं? एक नंबरचा चौकोन होता. समोरच होता. कॉम्प्युटरवाला खरं बोलत होता, वायर धड होती, गेम धड होता, आणि तिला तो चौकोन दिसत नव्हता एवढंच नव्हे, तर दिसत नाही हेही समजत नव्हतं. शेगडीचंही असंच झालं असणार. साठ मीटरवर वादळात केबिन हलायची तेव्हा ती घाबरली नव्हती. आता घाबरली.

पण घाबरून बसायलाही तिला जमेना. तिने मान डावीकडे वळवली. लक्ष परत उजवीकडे पळालं. परत वळवली. परत पळालं. आणि मग तिला स्वतःचाच राग आला, कारण मान वळवून काम करणारा क्रेनवाला म्हणजे कच्चा गडी, हे तिनेच किती नवख्यांना सुनावलं होतं. मान नाही फिरवायची. अख्खी केबिन फिरवायची, जिथे माल असेल तिथे. तिने दोन्ही पायांनी जमिनीला रेटा दिला आणि चाकांची खुर्ची डावीकडे वळवली, आणखी वळवली, जवळजवळ भिंतीकडे तोंड होईपर्यंत. आता अख्खं टेबल तिच्या उजव्या बाजूला आलं.

आणि तिथे एक नंबर होता. दोनला अगदी खेटून, निवांत बसलेला.

बाकीही पुष्कळ काही होतं. दोन दिवसांपूर्वीचा चहाचा कप, वर साय धरलेला. सोमवारभर शोधलेला चष्मा. आणि डाव्या मॉनिटरच्या काचेवर, बरोबर मधोमध, चिकटवलेली पिवळी चिठ्ठी. अक्षर मुलाचं. रविवारी तो येऊन गेला होता.

'आई, गेम उजवीकडे करून ठेवलाय, तुला उगाच त्रास नको. शुक्रवारी गाडी घेऊन येतोच. खोलीला रंग दिलाय.'

तिला आधी हसूच फुटलं. चिठ्ठी चिकटवायला या शहाण्याला अख्ख्या घरात जागा मिळाली ती डावा मॉनिटर! ज्या आईला डावीकडचं दिसत नाही म्हणून न्यायला निघाला, तिला निरोप ठेवला तो डावीकडे. मग खोलीच्या रंगाच्या ओळीवर नजर परत गेली आणि हसू गेलं. परीक्षा व्हायच्या आधीच रंग देऊन झाला होता. म्हणजे ती पाच आठवडे घाम गाळत होती तेव्हा तिकडे निकाल लागलेलाच होता. तिच्या पोटच्या पोराला तिच्यावर काडीचा भरवसा नव्हता, आणि ते तिला लागलं, फार लागलं.

तिने मुलाला फोन केला नाही. कॉम्प्युटरवाल्याला केला, माल खोटा म्हटल्याबद्दल माफी मागितली. मग एक नंबरवर क्लिक करून टिक केली. गेम उघडला. डावीकडे. त्या डावात तेवीसच पेट्या मिळाल्या, पण त्या तेवीस तिच्या होत्या. दुपारी केबिन फिरवून खेळली तर एकोणतीस. बुधवारी तेहतीस. गुरुवारी खुर्ची कमी कमी वळवत गेली, तरी चौतीस.

शुक्रवारी अकराला थेरपीवाली आली, मागोमाग मुलगा. त्याच्या हातात मोठी रिकामी बॅग होती. टॉवरबाईने बॅगेचा विषय काढला नाही. थेरपीवालीला एवढंच विचारलं की खुर्ची फिरवली तर चालेल ना. ती म्हणाली, तुमच्या घरात तुमची खुर्ची कोण बांधून ठेवणार आहे?

गेम सुरू झाला. थेरपीवाली शेजारी वही घेऊन बसली. मुलगा मागे कुठेतरी होता. पहिल्या पाच-सहा वॅगनांतच दोन सुटल्या. मग तिचा हात बसला. खुर्ची डावीकडे, नजर डावीकडे, पेटी वर, फलाटावर खाली. बत्तीस, तेहतीस, चौतीस. ती आता मालाच्याही पुढे बघत होती, रुळांच्या टोकापर्यंत, मॉनिटरच्या डाव्या कडेपर्यंत. अडतिसावी वॅगन आली आणि हुक न लागताच निघून गेली. मुलाने मोठा सुस्कारा सोडला, तो तिने ऐकला. शेवटच्या दोन तिने उचलल्या आणि हात मांडीवर ठेवले.

थेरपीवालीने विचारलं, "किती सुटल्या?" उत्तर तिच्या वहीत होतं, पण तिला बाईंच्या तोंडून हवं होतं. जी माणसं म्हणतात एकही सुटली नाही, त्यांना ती घरी एकटं सोडत नसे.

"तीन," टॉवरबाई म्हणाली. "पहिल्या दोन मला दिसल्याच नाहीत, मागून आकडा बघून कळलं. तिसरी दिसत होती. पण तिच्या पलीकडे कपाट उघडं होतं आणि माझे कपडे बॅगेत जात होते, तेही दिसलं. म्हणून हात थांबला."

कपाट टेबलाच्या डावीकडे होतं, दोन हात लांब. मुलगा तिथे तिचा करडा स्वेटर हातात धरून उभा होता. त्याने ती बाजू मुद्दामच निवडली असेल असं नाही. पण तिथे आपण दिसणार नाही, हे तो धरून चालला होता.

थेरपीवाली वहीत काहीतरी लिहीत राहिली. मग म्हणाली, तीन महिने एकटं राहायला माझी हरकत नाही, दर आठवड्याला दवाखान्यात यायचं, तीन महिन्यांनी पुन्हा बघू. आणि तिने खाली सही केली.

मुलाचा चेहरा उतरला. "आई, शेगडी सकाळपासून जळत होती," तो म्हणाला. "मी त्या दिवशी आलो नसतो तर? मला रोज तेच दिसतं डोळ्यांसमोर."

टॉवरबाईचा राग तेव्हा थोडा निवला, कारण पोरगा खरंच भ्यालेला होता. पण पाऊल तिने मागे घेतलं नाही.

"जळत होती, कबूल. तेव्हा डावीकडे काही असतं हेच मला माहीत नव्हतं. आता माहीत आहे. मी चुकणार आहे बाळा, रोज चुकणार आहे. पण माझ्या घरात चुकेन, आणि चूक मीच शोधून काढेन. तुझ्या त्या रंगवलेल्या खोलीत सगळं उजवीकडे ठेवशील तू, आणि मग माझी डावी बाजू कायमची जाईल."

त्याने हातातला स्वेटर खांद्यावर टाकला. मग वाकून बॅगेतले कपडे बाहेर काढू लागला. कपाटाच्या उजव्या कप्प्यात स्वेटर ठेवायला त्याने हात वर नेला.

"तिथे नको," ती म्हणाली. "डाव्या कप्प्यात."

"अगं, तुला सापडायचे नाहीत."

"मग शोधीन. सगळे डावीकडे ठेव."

त्याने एकेक करून सगळे कपडे डाव्या कप्प्यात लावले, आणि शेवटचा कपडा आत जाईपर्यंत ती त्याच्याकडे बघत राहिली.