दोन गाण्यांची जोडी

ओस्मो तीहोनेनला कुणी 'बिचारा' म्हटलेलं खपत नसे. चाळीस वर्षं फिनलंडभर गिटार बडवत हिंडलेला माणूस. केस पिकले तरी कापले नव्हते. हेलसिंकीतल्या रेकॉर्ड कंपनीने त्याला सांगितलं, "नवी गाणी ठेव घरी. तुझं ते जुनं ट्रकवालं गा, लोकांना तेच हवंय." ओस्मो त्यांच्या तोंडावर हसला आणि नवी गाणी घेऊन थेट गावी आला, तळ्याकाठच्या नाचमंडपात.

मंडप आउनेताईंच्या ताब्यात. त्यांनी त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

"इथे टँगो चालतो, ओस्मो. हा दणदणाट नाही. गावचा आहेस म्हणून एक शनिवार देते. लोक उठून गेले, की पुढच्या वेळी आपला अकॉर्डियनवाला."

"कुठे जात नाहीत, ताई."

"मिजास काही कमी झाली नाही मेल्याची!" म्हणत त्या तिकीटखिडकीत जाऊन बसल्या.

संध्याकाळी मंडप भरला. बाया एका बाजूला, बाप्ये दुसऱ्या बाजूला, हवेत भाजलेल्या सॉसेजचा वास. ओस्मोने पहिलंच गाणं नवं काढलं. आईवरचं होतं. तिच्या मरणानंतर ते आपसूक सुचलं होतं आणि आजवर त्याने ते कुणाला ऐकवलं नव्हतं. लोक नाचले. गाणं संपलं.

टाळी नाही. हूं नाही की चूं नाही. जोड्या जागच्या जागी उभ्या, चेहरे मख्ख.

साथीला बास गिटार वाजवणारा किम्मो हेलसिंकीचा. तो ओस्मोच्या कानाशी आला. "मेलो आपण! ओस्मो, ट्रकवालं काढ, निदान अब्रू तरी वाचेल!"

आणि खोटं कशाला सांगा, ओस्मोचाही धीर सुटला. आईचं गाणं मातीत गेलं असं त्याला वाटलं. बोटं आपोआप त्या जुन्या सुरावर गेली. तेवढ्यात समोरच्या एका जाड्या शेतकऱ्याकडे त्याचं लक्ष गेलं. गाणं संपून गेलं तरी गड्याने जोडीदारणीचा हात सोडला नव्हता.

ओस्मोने कपाळावर हात मारून घेतला. अरे गाढवा! बाईला नाचायला बोलावलं की दोन गाणी नाचायची, मग तिला जागेवर पोचवायचं. एकावर सोडली तर तिचा अपमान. शहरात राहून एवढंही विसरलास?

"रागावले नाहीत रे," तो किम्मोला म्हणाला, "दुसऱ्याची वाट बघतायत. नवंच घे!"

दुसरं झालं. लोकांनी एकमेकांचे आभार मानले, बाया जागेवर पोचल्या, बाप्ये आपल्या बाजूला परतले, मधली जागा रिकामी.

"गेले ना सगळे!" किम्मो रडकुंडीला आला.

"थांब की जरा, घायकुत्या!"

बघता बघता बाप्ये पुन्हा निघाले, बायांपुढे वाकले आणि मधली जागा भरली. मग ओस्मो असा पेटला की विचारू नका. दोन-दोनच्या जोडीने नवी गाणी सुटत गेली आणि एकही जण दाराकडे फिरकला नाही.

मध्येच आउनेताई खिडकी बंद करून तरातरा आल्या. त्या जाड्या शेतकऱ्याला दंडाला धरूनच आणलं होतं. आता बायांनी बाप्यांना नाचायला बोलवायची पाळी होती, त्यामुळे त्याला नाही म्हणायची सोय नव्हती.

"ओस्मो, एक गाणं हवंय."

ओस्मोचा चेहरा उतरला. "ट्रकवालं ना?"

"ते कोण मागतंय! सुरुवातीचं घे, तुझ्या आईचं. मी तिकिटं फाडत बसले आणि अर्धंच कानावर आलं."

"कुठलं म्हणालात?" त्याने पुन्हा विचारलं. त्याला ते परत ऐकायचं होतं.

"बहिरा झालास काय? आईचं! आणि पुढच्या शनिवारीही तेच पहिलं ठेव. तिकिटांना मी दुसऱ्या कुणाला तरी बसवते."