पुतळ्याचा नारळ

माघात कुठं वादळ येतं का? पण आलं, अंदमानकडच्या बेटांवर. टीव्हीवर दाखवलं ना, धक्का वाहून गेलेला, माड मुळासकट आडवे. आमचे यज्ञेशभाऊजी तिथल्याच एका बारक्या बेटावर दीपगृहात नोकरीला. होळीनंतर ताईला घेऊन जाणार होते. आता ना फोन, ना तार. बोटी बंद, दर्या अजून खवळलेलाच म्हणे.

ताई आणि मी रोज पीसीओवर जायचो. नुसतं टूं टूं.

नीलकंठकाकांनी मात्र ठरवूनच टाकलं. घाटावर भटजी ते, भाऊजींना त्यांनीच वाढवलेलं. "पाण्यात गेला पोरगा. क्रिया नाही झाली तर भटकेल गं." रडत होते, खोटं नाही सांगत. पण रडता रडता पळसाच्या देठांचा पुतळाही बांधून झाला त्यांचा. देह सापडला नाही की असा पुतळा जाळतात. डोक्याच्या जागी नारळ.

सकाळी अमृतराव घाटावर, नदीच्या पाण्याजवळ, तो निजवला. काका म्हणाले, "मालविका, मंगळसूत्र काढ बेटा."

ताईचा हात गळ्याशी गेला. माझा दिमागच सटकला.

"काका, कोणी पाहिलं त्यांना बुडताना?"

"तू गप. नववीत शाळा सोडलीस, मला शास्त्र शिकवतेस?"

"हरवलेल्याची बारा वर्षं वाट बघतात ना? तुम्हीच सांगता जजमानांना."

"ते घर सोडून गेलेल्याला. हे वादळ होतं, ईशानी. अख्खं बेट धुऊन निघालं."

"म्हणजे टापूवरचे सगळे मेले? कोण बघून आलं? तुम्ही?"

"चूप!"

दर्भाची जुडी पेटवायला त्यांनी काडी ओढली. वाऱ्यानं विझली. दुसरी काढेपर्यंत मी पुतळ्याचं डोकं उचललं आणि पायरीवर आपटलं. फट्‌दिशी फुटलं. पाणी पायरीवरून ओघळलं.

"अगं चांडाळणी, डोकं आहे ते त्याचं!"

"नारळ आहे." दातानं खोबरं ओरबाडलं, त्यांच्या तोंडाकडे बघत खाल्लं. "गोड आहे."

उरलेला तुकडा ताईसमोर धरला. तिनं आधी पुतळ्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. मंगळसूत्रावरचा हात काढला आणि तुकडा घेतला. कराकरा चावला.

काका करवंटीचे तुकडे गोळा करू लागले. पुटपुटले, "दुसरा नारळ आणीन मी."

वादळापासून तोंडातून शब्द न काढलेली ताई, गालात खोबरं तसंच ठेवून म्हणाली, "आणा. तोही खाऊ."